उंदरांना सेवाखंड नसतो

विद्यापीठाच्या मते उंदीरकाकांनी अठ्ठावीस वर्षं नोकरी केलेलीच नव्हती. त्यांनी अठ्ठावीस वेगवेगळ्या नोकऱ्या केल्या होत्या, प्रत्येक तीनशे चौसष्ट दिवसांची. आता त्या सगळ्या एकाच इमारतीत, एकाच प्राणीगृहात, त्याच उंदरांच्या नातवंडा-पतवंडांचे पिंजरे धुण्याच्या निघाल्या, हा निव्वळ योगायोग. विद्यापीठाचा योगायोगावर फार विश्वास होता.

व्यवस्था साधी होती. दर वर्षी काकांना तीनशे चौसष्ट दिवसांचा नेमणुकीचा हुकूम मिळायचा. तीनशे पासष्टाव्या दिवशी ते विद्यापीठाचे कोणी नसत. त्या दिवशी त्यांनी आवारात पाऊल टाकायचं नाही, असं फाटकावरच्या पहारेकऱ्याला लेखी कळवलेलं असे. दुसऱ्या दिवशी नवा हुकूम, नवा माणूस, झाडू मात्र तोच. आस्थापना विभागात याला सेवाखंड म्हणत. असे सत्तावीस खंड पाडून विद्यापीठाने काकांची नोकरी भाजी चिरावी तशी बारीक चिरून ठेवली होती. काका साठ वर्षांचे झाले त्या महिन्यात पत्र आलं: सेवा सलग नाही, सबब निवृत्तिवेतन नाही आणि निवृत्तांचं वैद्यकीय कार्डही नाही. तळाशी पुढील आयुष्यासाठी शुभेच्छा होत्या.

“शुभेच्छांना मंजुरी लागत नसेल,” काकू पत्राची घडी घालत म्हणाल्या.

“नियम असेल तसा,” काका म्हणाले.

काकांचं हे ठरलेलं वाक्य. विद्यापीठाच्या चाळीतल्या त्यांच्या खोलीचं छत एकदा पलंगावर कोसळलं होतं, तेव्हाही ते नियम असेल असंच म्हणाले होते. काकूंनी या माणसाशी अडतीस वर्षं संसार केला होता आणि त्यातली निदान तीस कपाळावर हात मारण्यात गेली होती.

खोली सोडावी लागली. दोघं काकूंच्या भावाच्या घरी मागच्या खोलीत राहायला गेले. भाऊ काही बोलत नसे. वहिनी बोलत असे, पण भिंतीशी. “पाणी किती लागतं माणसाला, नाही?” असं ती भिंतीला विचारायची. काकू एका शिंप्याच्या दुकानात कपडे दुरुस्तीचं काम करत, त्यातून जेवणाचं भागे. पण काकांच्या छातीचं काय करायचं? अठ्ठावीस वर्षं पिंजऱ्यातला भुसा उपसून त्यांची छाती शिट्टी वाजवायला लागली होती. श्वासाचा पंप महिनाभर पुरत नसे, म्हणून काका तो दिवसाआड ओढत आणि आपल्याला आता बरंच बरं वाटतं असं सांगत. काकूंना ती शिट्टी रात्रभर ऐकू यायची. त्यांना ते कार्ड हवं होतं. निवृत्तिवेतन हवं होतं आणि भिंतीशी बोलणारं कोणी नसलेली एक खोली हवी होती. यातलं एकही काकांना सुचणार नाही हे माहीत असल्याने दावा लावायचं काकूंनीच ठरवलं.

वकीलबाई त्यांना दुकानातच भेटल्या. काळ्या कोटाचं अस्तर उसवलं म्हणून आल्या होत्या. काकूंनी अस्तर शिवता शिवता सगळी कहाणी ऐकवली, आणि कोट त्यांच्या हातात असल्यामुळे वकीलबाईंना ती ऐकावी लागली. संध्याकाळपर्यंत त्यांनी दावा घेतला होता.

पुढच्या आठवड्यात त्या भावाच्या घरी कागद चाळत बसल्या असताना त्यांनी सहज विचारलं, “काका, त्या एका दिवशी तुम्ही घरी. मग उंदरांना खायला कोण घालायचं?”

काका छताकडे बघायला लागले.

“मी,” काकू म्हणाल्या.

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं.

हकीगत अशी होती. पहिल्या वर्षीचा हुकूम संपायला आला तेव्हा काका प्राणीगृहाच्या प्रमुखांकडे गेले. प्रमुख म्हणजे तेव्हाचे एक तरुण व्याख्याते. सगळे त्यांना नुसतं सर म्हणत. सरांचा प्रबंध चालू होता. पांढऱ्या उंदरांना रोज ठरल्या वेळी ठरलेलं खाद्य द्यायचं, रोज वजन करायचं, वहीत लिहायचं. एक दिवस जरी चुकला तरी सगळा प्रयोग पाण्यात. सर म्हणाले, “तुम्हाला तर आत घेता येत नाही. बायकोला पाठवा. आकडे लिहू दे, पण सही करायला लावू नका.” देवमाणूस आहे, असं काका घरी येऊन म्हणाले. दुसरा असता तर त्याने दुसराच माणूस नेमला असता.

काकूंना उंदरांची भयंकर किळस. पण नवऱ्याची नोकरी, म्हणून गेल्या. नाकाला रुमाल बांधून त्या आत, आणि काका कुंपणाबाहेर, खिडकीसमोर. “आधी पाण्याच्या बाटल्या! तिसऱ्या पिंजऱ्यातली म्हातारी चावते, तिला शेवटी घे!” काका ओरडत होते. पहारेकरी शेजारी स्टूल टाकून बसला होता. काकांचं पाऊल आवारात पडत नव्हतं, आवाज पडत होता, आणि हुकुमात आवाजाबद्दल काही लिहिलेलं नव्हतं.

असं सत्तावीस वेळा झालं. मोबदला म्हणून एका वर्षी सरांनी चहा पाजला. कप काकूंनीच विसळून ठेवला.

“हे आधी का नाही सांगितलंत?” वकीलबाई जवळजवळ ओरडल्याच.

“विचारलं कोणी?” काकू म्हणाल्या.

“सरांना यात ओढू नका,” काका म्हणाले. “ते आता कुलगुरू आहेत. त्यांना वाईट वाटेल.”

“वाटू दे की थोडं,” काकू म्हणाल्या. “त्यांच्याकडे कार्ड आहे.”

दावा न्यायाधिकरणात उभा राहिला. विद्यापीठाचे वकील तारखा मागण्यात वाकबगार होते. एकदा त्यांचा घसा बसला, एकदा फाईल सापडेना, एकदा फाईल सापडली पण चष्मा सापडेना. अशा नऊ तारखा त्यांनी पदरात पाडून घेतल्या. न्यायाधीशांच्या स्वतःच्या निवृत्तीला दोन वर्षं उरली होती, त्यामुळे निवृत्तिवेतनाच्या दाव्यांत त्यांचं लक्ष जरा जास्तच असे. दहाव्या तारखेला ते म्हणाले, “आता साक्ष घेऊ. चष्मा नसला तरी ऐकू येतं ना तुम्हाला?”

काकू साक्षीला उभ्या राहिल्या. विद्यापीठाच्या वकिलांनी कोट सावरला.

“तुमच्याकडे नेमणूकपत्र होतं?”

“नाही.”

“पगार?”

“नाही.”

“मग कोणत्या अधिकाराने आपण प्राणीगृहात शिरलात?”

“उंदरांना भूक लागली होती,” काकू म्हणाल्या.

“म्हणजे विनापरवाना प्रवेश! सत्तावीस वेळा!” वकील चोर पकडल्यासारखे न्यायाधीशांकडे वळले. काकूंना वाटलं, झालं, निवृत्तिवेतन राहिलं बाजूला, आता तुरुंगात भाकरी थापाव्या लागणार. पण वकिलांना जोर चढला होता आणि जोर चढलेला माणूस थांबत नाही. “शिवाय,” ते म्हणाले, “विद्यापीठाने प्रतिज्ञापत्रच दिलं आहे. खंडाच्या दिवशी प्राणीगृह कुलूपबंद असे. आत कोणीही गेलं नाही, कोणतंही काम झालं नाही, प्राण्यांना कोणतंही खाद्य दिलं गेलं नाही.”

“थांबा,” न्यायाधीश म्हणाले. “या बाई बेकायदा आत शिरल्या, आणि आत कोणी गेलंच नाही. दोन्ही लिहून घेऊ का?”

“दोन्ही,” वकील ठामपणे म्हणाले.

वकीलबाईंनी पिशवीतून एक जाड, निळ्या पुठ्ठ्याचं पुस्तक काढलं. कुलगुरूंचा प्रबंध. ‘अखंड आहार आणि पांढऱ्या उंदरांची वाढ’. याच प्रबंधावर सर आधी प्रपाठक, मग प्राध्यापक, मग कुलगुरू झाले होते. यातली माहिती वापरून आणि तेच प्रयोग पुढे चालवून आणखी अकरा जणांनी पदव्या घेतल्या होत्या. प्रस्तावनेतलं वाक्य वकीलबाईंनी सावकाश वाचलं: सदर प्राण्यांचा आहार एकाही दिवसाचा खंड न पडू देता चालू ठेवण्यात आला.

“आता विद्यापीठाने सांगावं,” त्या म्हणाल्या. “त्या दिवशी उंदीर जेवले की उपाशी होते? जेवले असतील, तर काम झालं आणि सेवा सलग. उपाशी असतील, तर हा प्रबंध आणि त्याची अकरा पिल्लं आम्ही परत करायला सांगू.”

विद्यापीठाच्या वकिलांनी तारीख मागितली. त्या दिवशी मात्र त्यांना खरंच घशाचा त्रास झाला असावा.

पुढच्या तारखेला स्वतः कुलगुरू आले. चार जण पुढे, दोन जण मागे, एकाच्या हातात पाण्याची बाटली. काका खुर्चीवरून उठून उभे राहिले. सवयच ती. सरांनी त्यांच्याकडे पाहिलं आणि मान हलवली, ओळख आहे आणि नाहीही, अशी.

रस्त्याने येताना काकांनी काकूंना सांगितलं होतं, “बघ तू, सर खोटं बोलणार नाहीत. इतक्या वर्षांत त्यांनी मला एकदाही अरे-तुरे केलं नाही.” आणि काकूंना, एरवी कशावरही सहज विश्वास न ठेवणाऱ्या बाईला, त्या क्षणी वाटलं होतं की असेलही. वाटायलाच हवं होतं, कारण दुसरा आधार काहीच नव्हता.

सर साक्षीला उभे राहिले आणि म्हणाले, “प्राणी उपाशी नव्हते. त्या सत्तावीसही दिवशी खाद्य देणं आणि वजन करणं ही कामं मी स्वतः केली. संशोधकाचं कर्तव्य म्हणून.”

काकू काकांकडे बघत होत्या. काकांच्या चेहऱ्यावर राग नव्हता. एखाद्याचं पाकीट गेलं की तो सगळे खिसे पुन्हा पुन्हा चाचपतो, तसे ते सरांच्या तोंडाकडे बघत होते. काकूंना रडू आलं असतं, पण त्यांनी ते गिळलं, कारण समोर ती पाण्याची बाटली धरलेला माणूस उभा होता.

वकीलबाई उठल्या. “सर, वजन कसं करत होता?”

“तराजूवर, अर्थात.”

“उंदीर आपणहून चढायचा?”

मागच्या बाकावर कोणीतरी हसलं. सर हसले नाहीत. “मी उचलून ठेवायचो.”

“कसा?”

“कसा म्हणजे? शेपटीला धरून.” सरांनी पुढ्यातलं पेन दोन बोटांच्या चिमटीत टोकाला धरून वर उचललं. “असा.”

“अहो सर, टोकाला नाही!”

काका उभे राहिले होते. अडतीस वर्षांत काकूंनी त्यांचा असा आवाज कुंपणाच्या बाहेरून येणारा सोडला तर ऐकलेला नव्हता. “टोकाला धरलं की कातडं सोलून हातात येतं! किती ओरडतं ते जनावर! असं कधी करायचं नाही, सर!”

“खाली बसा,” न्यायाधीश म्हणाले. काका बसले. न्यायाधीश क्षणभर त्यांच्याकडे बघत राहिले. “नाही, उठा. मग कसा उचलायचा?”

काकांनी काकूंची पर्स मागून घेतली, ती उंदीर असल्यासारखी खांद्यामागून अलगद धरली, दुसऱ्या हाताचा तळवा पोटाखाली दिला आणि ती कोणाला दुखणार नाही अशी टेबलावर ठेवली. शिपाईसुद्धा पुढे वाकून बघत होता.

“आणि तुम्ही?” न्यायाधीशांनी काकूंना विचारलं. “तुम्हीही असाच उचलायच्या?”

खरं सांगायचं तर काकूंना हो म्हणायचं होतं. हो म्हटलं की नवऱ्याशी जुळतं, दावा पक्का होतो. पण लाज वाटली तरी त्या खरंच बोलल्या. “पहिली दोन वर्षं मी उचललाच नाही, साहेब. हातच लागेना. पिंजऱ्यासकट तराजूवर ठेवला आणि तसंच लिहिलं. तिसऱ्या वर्षापासून धीर झाला.”

काका चमकून त्यांच्याकडे बघायला लागले. हे त्यांनाही माहीत नव्हतं. खिडकीतून तराजू दिसत नसे.

न्यायाधीशांनी वजनांची जुनी वही मागवली. विद्यापीठानेच ती हजर केली होती, सहीचा रकाना कोरा आहे हे दाखवायला. पानं उलटत ते पहिल्या वर्षीच्या खंडाच्या दिवसापाशी थांबले. मग दुसऱ्या. मग त्यांनी वही सरांच्या दिशेने फिरवली.

“एरवी तीनशे ग्रॅमच्या आत असणारा उंदीर त्या एका दिवशी दीड किलोचा झालाय,” ते म्हणाले. “पुढे बारीक अक्षरात लिहिलंय, पिंजऱ्यासह. दोन्ही वर्षी. दुसऱ्या दिवशी पुन्हा तीनशेच्या आत. सर, तुम्हालाही उंदरांची भीती वाटायची का?”

सरांनी पाणी मागितलं. बाटलीवाल्याला झाकण उघडायला बराच वेळ लागला.

निकाल दीड महिन्यात लागला. सेवाखंड कृत्रिम होते; ते दिवस अर्जदाराच्या पत्नीमार्फत पार पडले असून अर्जदाराच्याच सेवेत धरावेत; सेवा सलग; निवृत्तिवेतन आणि वैद्यकीय कार्ड नव्वद दिवसांत द्यावं, न दिल्यास कुलसचिवांनी स्वतः हजर राहून कारण सांगावं. कुलगुरूंच्या साक्षीबद्दल निकालात एकच ओळ होती, ती वकीलबाईंनी काकूंना तीनदा वाचून दाखवली. काकूंना बरं वाटलं. ‘मार्फत’ हा शब्द तेवढा जरा टोचला, पण कार्ड मिळत असताना शब्दांना कोण विचारतो, असं त्यांनी स्वतःला बजावलं.

नव्वदपैकी एकोणनव्वद दिवस विद्यापीठाने विचार केला. नव्वदाव्या दिवशी दुपारी आस्थापनेतल्या कारकुनाचा फोन आला. काका, असाल तसे या. पाचच्या आत कुलसचिवांची सही झाली पाहिजे. अठ्ठावीस वर्षांत विद्यापीठाला काकांची घाई झाल्याचं हे पहिलंच उदाहरण.

आस्थापना विभाग दुसऱ्या मजल्यावर. काका प्रत्येक वळणावर थांबत, श्वास गोळा करत चढले, मागोमाग काकू. कारकुनाने त्यांना खुर्ची दिली. हेही पहिलंच उदाहरण. पुढ्यात एक तक्ता ठेवला. सत्तावीस ओळी. पहिल्या रकान्यात खंडाची तारीख, दुसऱ्यात झालेलं काम, तिसरा कोरा: काम कोणी केले.

“तिसऱ्या रकान्यात लिहा, स्वतः,” कारकून म्हणाला. “खाली ‘वरचंच’ म्हणून नुसत्या टिंबांच्या जोड्या काढल्या तरी चालतील. दोन मिनिटांचं काम. निकालात तुमचीच सेवा धरलीय ना.”

काकांनी पेन उचललं आणि परत खाली ठेवलं. “पण मी कुठे केलं? मी तर रस्त्यावर होतो.”

“काका, हे फक्त कागदापुरतं.”

“सरांनीही कागदापुरतंच सांगितलं होतं,” काका म्हणाले. “स्वतः केलं म्हणून.”

“अहो, लिहून टाका ना!” काकूंचा जीव टांगणीला लागला होता. “मला काय त्या रकान्याचं लोणचं घालायचंय? सही होऊ दे, कार्ड येऊ दे, नंतर काय तो खरेपणा करा.”

काकांनी ऐकलं नाही. त्यांनी पहिल्या ओळीत काकूंचं नाव लिहिलं. पूर्ण, आडनावासकट, शाळेतल्या मुलासारखं गोल अक्षरात. मग दुसऱ्या ओळीत पुन्हा तेच.

“याच्यावर आक्षेप निघेल,” कारकून घाबरून म्हणाला. “या बाई सेवेत होत्या का, नेमणूक कोणी केली, मंजुरी कोणाची...”

“काढा आक्षेप,” काका म्हणाले. “सही झाली नाही तर उद्या कुलसचिव न्यायाधीशांकडे जाणारच आहेत, त्यांनाच विचारतील.”

कारकुनाने घड्याळाकडे पाहिलं. सव्वाचार. “बरं, बरं. पण निदान खाली ‘वरीलप्रमाणे’ तरी लिहा. सत्तावीस वेळा पूर्ण नाव कशाला?”

“तुम्हीच म्हणता ना, दर वर्षी नवी नोकरी,” काका म्हणाले. “तीही दर वर्षी नवीनच आली होती.”

आणि ते लिहीत राहिले. तीन ओळी झाल्या की थांबायचे, छाती शिट्टी वाजवायची, मग पुढची ओळ. कारकून दाराशी जाऊन जिन्याकडे बघून येई. काकूंना आधी नवऱ्याचा भयंकर राग आला. वेळ काय, आपण करतो काय! मग दहाव्या-बाराव्या ओळीला त्यांच्या लक्षात आलं, या माणसाने आपलं नाव आजवर एकदाच लिहिलं होतं. विम्याच्या अर्जावर, मी मेल्यावर पैसे कोणाला द्यायचे, त्या रकान्यात.

सत्तावीसावी ओळ झाली तेव्हा पाचाला वीस मिनिटं होती. काकांनी शेवटचं नाव वाळावं म्हणून त्यावर फुंकर मारली, आणि तेवढ्यानेही त्यांना खोकल्याची उबळ आली.

कारकुनाने कागद ओढून घेतला. दाराशी पोचता पोचता त्याने वळून पाहिलं आणि तो थांबला. काकू बाकावर बसून रुमालाने डोळे टिपत होत्या, पुन्हा पुन्हा.

“काय झालं, काकू?”

“काही नाही,” काकू म्हणाल्या. “तू पळ. घड्याळाकडे बघ.”